थॉमस मोरनच्या चित्रांमुळे यलोस्टोन वाचलं, हे कितपत खरं?

रंगपेटी

"एका चित्रामुळे यलोस्टोन राष्ट्रीय उद्यान झालं" हे वाक्य अमेरिकेच्या प्रवासवर्णनांत हमखास येतं. ते चित्र थॉमस मोरनचं. मोरन हा माझा अतिशय लाडका निसर्गचित्रकार, त्यामुळे असं काही वाचून मला आनंदच व्हायला हवा. पण तारखा जुळत नाहीत, तिथे अडतं. उद्यानाच्या कायद्यावर राष्ट्राध्यक्ष ग्रँट यांची सही झाली १ मार्च १८७२ रोजी. ज्या भल्यामोठ्या तैलचित्राचं नाव सगळे घेतात, ते पुरं झालं त्यानंतर. मग संसदेनं पाहिलं काय?

आधी ज्यांना मोरन माहीत नाही त्यांच्यासाठी थोडं. जन्म १८३७, इंग्लंडमधल्या बोल्टन या गिरण्यांच्या गावात. तो सात वर्षांचा असताना कुटुंब फिलाडेल्फियाला आलं. लहान वयातच लाकडी ठसे कोरणाऱ्या एका कारखान्यात उमेदवारीला लागला, म्हणजे हाताला रेषेची सवय तिथे लागली. चित्रकलेच्या शाळेत जाऊन शिकला नाही. इंग्लिश निसर्गचित्रकार टर्नर हे त्याचं दैवत. १८६२ मध्ये केवळ टर्नर बघायला लंडनला गेला आणि नॅशनल गॅलरीत उभं राहून त्याच्या चित्रांच्या नकला केल्या. मोरनच्या चित्रांतला तो सोनेरी, विरघळणारा उजेड तिथला आहे.

यलोस्टोनशी त्याचा संबंध आला तो न बघताच. १८७१ मध्ये 'स्क्रिब्नर्स मंथली' या मासिकात नॅथॅनियल लँगफर्डचा यलोस्टोनवरचा लेख छापायचा होता. त्याआधीच्या एका मोहिमेवर तिथे जाऊन आलेल्या माणसांनी काढलेली कच्ची रेखाटनं मोरनच्या हातात आली आणि त्यावरून त्याने चित्रं रचली. बहुधा तिथेच त्याला चैन पडेना. त्याच उन्हाळ्यात फर्डिनंड हेडनची सरकारी भूगर्भ-पाहणीची मोहीम निघाली, तिच्यात हा पाहुणा म्हणून सामील झाला. पैसे उसने घेतले, ५०० डॉलर मासिकाकडून आणि ५०० जे कुक या सावकाराकडून. वय ३४, अंगकाठी किडकिडीत, आयुष्यात घोड्यावर बसलेला नाही. खोगिरावर उशी बांधून त्याने तो मुलूख पार केला.

मोहिमेत विल्यम हेन्री जॅक्सन हा फोटोग्राफरही होता. दोघांची चांगली जोडी जमली. हिवाळ्यात हेडनने वॉशिंग्टनला जॅक्सनचे फोटो, दगडांचे नमुने आणि मोरनची जलरंगातली चित्रं खासदारांपुढे मांडली, आणि मार्चमध्ये कायदा झाला. 'ग्रँड कॅन्यन ऑफ द यलोस्टोन' हे ७ फूट बाय १२ फुटांचं तैलचित्र संसदेने त्याच वर्षी १०,००० डॉलरला विकत घेतलं, पण कायद्यानंतर.

तर प्रश्न असा की श्रेय कुणाचं? आणि दुसरा, मला जास्त छळणारा प्रश्न. मोरनची चित्रं जागेशी इमान राखतात का? नसतील राखत, तर त्यांची किंमत कमी होते का?

सह्यगिरी

उत्तम धागा. वाचतोय. खोगिरावरची उशी फार आवडली.

बे_एरियाकर

यलोस्टोनला गेलो तेव्हा 'आर्टिस्ट पॉइंट' नावाच्या कड्यावर आम्ही सगळे जमून फोटो काढले. बरोबरच्या मंडळींनी ठामपणे सांगितलं की मोरन इथेच बसला होता. घरी येऊन चित्र नीट पाहिलं तर कोन जुळेना. नंतर कळलं की आर्टिस्ट पॉइंट हे नाव १८८३ च्या सुमारास हेन्स नावाच्या फोटोग्राफरने दिलं, आणि तो कडा दरीच्या दक्षिण बाजूला आहे. मोरनने स्केचेस केली ती उत्तर काठावरून. त्या जागेला आता मोरन पॉइंट म्हणतात.

जाणाऱ्यांसाठी एक सल्ला देतो. दोन्ही काठ बघा. दक्षिणेकडून धबधबा चौकटीत बसवल्यासारखा दिसतो, फोटोला झकास. पण दरीचा उतार पायाखालून घसरत जातो तो अनुभव उत्तर काठावर. खालचा धबधबा ३०८ फूट आहे, आणि चित्रात तो लांबवर एवढासा दिसतो. मोरनला दरी मोठी करायची होती, धबधबा नव्हे.

खडकदादा

माझं शिक्षण भूशास्त्राचं, त्यामुळे रंगपेटी यांच्या दुसऱ्या प्रश्नावर लिहितो.

त्या दरीचा पिवळा रंग बघून पुष्कळांना वाटतं की चित्रकाराने हात सैल सोडला. नाही. तो ऱ्हायोलाइट आहे, ज्वालामुखीचा खडक. खालून येणारं गरम पाणी आणि वाफ हजारो वर्षं त्यातून फिरली, खडक कुजून मऊ झाला आणि त्यातल्या लोहाच्या संयुगांनी पिवळा, नारिंगी, विटकरी, गुलाबी अशा छटा धरल्या. मऊ झाला म्हणूनच नदीने तो इतका खोल कापला. आपल्या सह्याद्रीचा काळा बेसाल्ट बघायची सवय असलेल्या डोळ्याला ते खरं वाटतच नाही, हे मला मान्य.

मोरनच्या पेन्सिल-स्केचेसवर जागोजागी रंगांची टिपणं लिहिलेली आहेत, इथे कोणता पिवळा, तिथे कोणता तांबूस. आमच्या फील्ड-नोटबुकात आम्ही दुसरं काय करतो? डाव्या बाजूच्या सुळक्यांचे थर, भेगा, घसरलेला मुरूम, हे सगळं त्याने खडक ओळखून काढलंय. चित्र करताना तो हेडनचं मत घेत असे. त्यामुळे खडकाच्या बाबतीत माझ्याकडून त्याला पैकीच्या पैकी.

रचना मात्र खरी नाही. एका जागी उभं राहून ते सगळं एका नजरेत मावत नाही. निरनिराळ्या ठिकाणांहून दिसलेलं त्याने एकत्र आणलंय.

नाना_निवृत्त

मी आयुष्य रेल्वेत काढलं, म्हणून मला या गोष्टीत रेल्वे आधी दिसते. तुम्ही सगळे चित्राभोवती फिरताय, म्हणून थोडं रोखठोक.

जे कुकला मोरनचा पुळका का आला? तो नॉर्दर्न पॅसिफिक रेल्वेचे रोखे विकत होता. त्याची लाइन यलोस्टोनच्या उत्तरेकडून जायची होती. तिथे प्रवासी जायचे तर तिथे बघण्यासारखं काही आहे हे लोकांना दाखवायला हवं. कुकच्या कचेरीतून नेटलटन नावाच्या माणसाने हेडनला पत्र लिहून मोरनची शिफारस केली. पुढे ऑक्टोबर १८७१ मध्ये त्याच नेटलटनने हेडनला पत्र लिहून सुचवलं की गरम फवाऱ्यांचा तो भाग संसदेने कायमचा राखीव करावा. म्हणजे उद्यानाची कल्पना हेडनच्या कानावर घालणारं पत्र रेल्वेवाल्यांच्या कचेरीतून गेलं. चित्र हे त्या प्रचारातलं एक साधन.

१८७३ च्या सप्टेंबरमध्ये कुकची पेढी बुडाली, देशभर मंदी आली आणि लाइन रखडली. उद्यानाच्या दारापाशी गाडी पोचायला १८८३ उजाडलं. पण पुढेही तोच प्रकार. १८९२ मध्ये सांता फे रेल्वेने मोरनला ॲरिझोनातल्या ग्रँड कॅन्यनला नेलं आणि त्याच्या चित्राच्या रंगीत छपाया जाहिरातीसाठी वापरल्या. तो कसलेला चित्रकार होता, वाद नाही. पण श्रेय द्यायचं तर पैसे कुणी पुरवले हे आधी सांगा.

जेजेवाली

नाना, पैसे कुणी पुरवले ते सांगायलाच हवं. पण पैसे पुरवून असं चित्र होत नाही. रेल्वे कंपन्यांनी कितीतरी चित्रकारांना फुकट फिरवलं. त्यातली किती नावं आज आपल्या तोंडी आहेत?

तुमच्या मुद्द्याला धरूनच एक सांगते. मोरन १८७१ मध्ये पश्चिमेला निघाला तेव्हा वायोमिंगमध्ये ग्रीन रिव्हर या स्टेशनावर उतरला. तिथल्या कड्यांचं एक छोटं जलरंगचित्र त्याने केलं, आणि त्यावर आठवण म्हणून लिहून ठेवलं की पश्चिमेत केलेलं हे पहिलं स्केच. युनियन पॅसिफिकची लाइन तिथे १८६८ मध्येच आली होती. रूळ, पूल, दुकानं, शाळा, हॉटेल, सगळं गाव वसलेलं. पुढची कितीतरी वर्षं मोरन ते कडे पुन्हा पुन्हा रंगवत राहिला. त्या चित्रांत काय दिसतं? सोनेरी कडे, संथ नदी आणि दूरवरून घोड्यांवर येणारा आदिवासींचा तांडा. रूळ नाहीत, गाव नाही, आगगाडीचा धूरसुद्धा नाही. ज्या गाडीतून तो उतरला ती गाडीच त्याने पुसून टाकली!

रंगपेटी, तुमच्या दुसऱ्या प्रश्नाचं उत्तर मोरनने स्वतः दिलेलं आहे. निसर्गाची हुबेहूब नक्कल करण्याला आपण किंमत देत नाही, आपला कल आदर्श रूपाकडे आहे, असं तो उघड म्हणायचा. कोलोरॅडोतल्या 'माउंटन ऑफ द होली क्रॉस'मध्ये तर पुढे फेसाळता ओढा आणि मागे डोंगरावर बर्फाचा क्रूस आहे. त्या ओढ्यापाशी उभं राहिलं तर क्रूस दिसतच नाही. पण ओढ्यातला एकेक धोंडा बघा, पाण्याखालचा ओला आणि वरचा कोरडा, दोन्हींचा रंग वेगळा. असं काढायला तास न् तास बघावं लागतं. आम्हाला निसर्गचित्रण शिकवणारे सर म्हणत की जागेवर अभ्यास करा आणि चित्र घरी करा. मोरनने नेमकं तेच केलं, आणि लपवलं नाही.

नाना_निवृत्त

रूळ पुसले ते ठीक, गाव पुसलं हे मला पटत नाही. तिथे राहणाऱ्या माणसांना काय वाटलं असेल? आमच्या स्टेशनचं कुणी चित्र काढलं आणि स्टेशनच नाही काढलं तर मी विचारणारच.

ओंकार७९

त्या पुसलेल्या गावाची किंमत सांगतो. 'ग्रीन रिव्हर ऑफ वायोमिंग' हे १८७८ चं चित्र २००८ मध्ये लिलावात १ कोटी ७७ लाख डॉलरला गेलं.

मधुमालती

इतका वेळ वाट बघितली की कुणीतरी मेरीचं नाव घेईल. शेवटी मीच घेते.

मेरी निम्मो मोरन, थॉमसची बायको. स्कॉटलंडमध्ये जन्मलेली, त्याच्यासारखीच लहानपणी अमेरिकेत आलेली. रंगकाम नवऱ्याकडून शिकली. १८७९ मध्ये तो पुन्हा पश्चिमेला निघाला तेव्हा तिला तांब्याच्या पत्र्यावर एचिंग करून बघ म्हणून सुचवून गेला. एचिंगमध्ये पत्र्यावर मेणाचा पातळ थर देतात, सुईने त्यावर रेघा ओढतात आणि मग पत्रा आम्लात बुडवतात. जिथे मेण खरवडलं तिथे आम्ल धातू खातं, आणि त्या चरांत शाई भरून छाप काढतात. बहुतेक जण कागदावरचं स्केच घरी आणून पत्र्यावर उतरवत. मेरी पत्राच घेऊन बाहेर जायची आणि समोर बघत थेट त्यावर काढायची. खोडायची सोय नाही, शिवाय छापात डावं-उजवं उलटं येणार. त्यामुळे तिच्या रेषेत जी धिटाई आहे ती थॉमसच्या एचिंगमध्ये मला दिसत नाही.

लंडनच्या चित्रकार-एचरांच्या संस्थेने १८८१ मध्ये तिला सभासद करून घेतलं. पहिल्या सभासदांत ती एकटी बाई. सही 'एम. निम्मो मोरन' अशी करायची, त्यामुळे बघणाऱ्याला ती बाई आहे हे सहीवरून कळत नसे. विषय म्हणाल तर साधे. लाँग आयलंडवरच्या ईस्ट हॅम्प्टनमधली पाणथळ, ओकची झाडं, पवनचक्क्या. दऱ्या नाहीत, सुळके नाहीत. १८९९ मध्ये मुलीला विषमज्वर झाला, तिची शुश्रूषा करताना स्वतःला तोच ताप आला आणि ती गेली.

दहा हजार डॉलरच्या दऱ्यांपुढे ही पाणथळ कुणी बघत नाही याचं मला वाईट वाटतं. जमलं तर तिची 'ट्वायलाइट, ईस्ट हॅम्प्टन' शोधून बघा.

सह्यगिरी

मधुमालती, शोधली आणि थक्क झालो. धन्यवाद.

ईस्ट हॅम्प्टनवरून आठवलं, मोरनने तिथल्या तळ्यात व्हेनिसची खरीखुरी गोंडोला आणून ठेवली होती! व्हेनिसची चित्रं काढायला गेला आणि येताना नावच घेऊन आला. कवी ब्राउनिंग त्या नावेतून फिरत असे असं सांगायचे. ती आता व्हर्जिनियातल्या एका सागरी संग्रहालयात आहे.

छापखाना

घरचा धंदा छपाईचा, म्हणून एका राहून गेलेल्या बाजूबद्दल लिहितो. यलोस्टोन लोकांच्या घरात पोचलं ते तैलचित्रातून नाही. ७ बाय १२ फुटांचं चित्र वॉशिंग्टनला जाऊन किती जण बघणार? मासिकात येत होती ती लाकडी ठशांवरून छापलेली, काळी-पांढरी. रंगात पोचलं ते १८७६ मध्ये, बॉस्टनच्या लुई प्रँगने मोरनच्या १५ जलरंगचित्रांचा शिळाछापाचा संच काढला तेव्हा. मजकूर हेडनचा.

शिळाछाप म्हणजे प्रत्येक रंगासाठी वेगळा दगड. घोटून गुळगुळीत केलेल्या दगडावर तेलकट शाईने काढायचं, दगड ओला करायचा, मग छपाईची शाई तेलकट भागालाच धरते. एक रंग छापला, कागद वाळवला, दुसरा दगड, पुन्हा तोच कागद अगदी त्याच जागी. केसभर सरकला तर चित्र गेलं. मोरनच्या आभाळासारखं आभाळ, जिथे पिवळ्यातून निळं कधी झालं ते कळत नाही, ते दगडावर ठिपक्याठिपक्याने उतरवायचं म्हणजे कारागिरांची कसोटी.

आपल्याकडे १८९४ मध्ये राजा रविवर्म्याचा छापखाना मुंबईत निघाला आणि पुढे मळवलीला गेला, तिथे हेच तंत्र होतं, जर्मन कारागीर आणून बसवलेलं. आपल्या आजी-पणजीच्या देवघरात लक्ष्मी-सरस्वती ज्या मार्गाने आल्या, त्याच मार्गाने अमेरिकन दिवाणखान्यात यलोस्टोन आलं. श्रेयाच्या यादीत दगड घासणाऱ्या त्या अनाम कारागिरांनाही घ्या.

वाटसरू

चर्चा सुरेख चाललीय, पण एक गोष्ट बोलायलाच हवी. "वाचलं" हा शब्द कुणाच्या बाजूने?

यलोस्टोन रिकामं नव्हतं. तुकुडिका नावाचे शोशोनी लोक तिथल्या डोंगरांत रानमेंढ्यांच्या शिकारीवर जगत होते. बॅनॉक, क्रो, ब्लॅकफीट यांची तिथे ये-जा होती. तिथल्या ऑब्सिडियन कड्याचा काचेसारखा दगड हत्यारांसाठी शेकडो मैल लांब जात असे. उद्यान झालं आणि काही वर्षांत या लोकांना बाहेर काढलं. नॉरिस नावाच्या अधीक्षकाने तर आदिवासी गरम फवाऱ्यांना भितात म्हणून तिथे येतच नाहीत, असा समज पसरवला.

मोरनच्या १८७२ च्या चित्रात मध्यभागी खडकावर दोन मुंगीएवढी माणसं उभी आहेत. एक गोरा, तो हेडन असावा असं मानतात, आणि शेजारी एक आदिवासी. ग्रीन रिव्हरमध्ये गाव पुसून तांडे काढले. म्हणजे आदिवासी चित्रात आहेत, पण शोभेपुरते. खरे लोक त्याच वेळी राखीव जागांत कोंबले जात होते. मला ही चित्रं आवडतात, मी ती घरात लावीनही. पण ओसाड, अस्पर्श भूमी या कल्पनेला त्यांनी जो रंग चढवला त्याची किंमत त्या लोकांनी मोजली, हे मोरनच्या कुठल्याही चर्चेत यायला हवं.

जेजेवाली

वाटसरू, तुमचा मुद्दा मान्य. गाव पुसण्याचं मी कौतुक केलं ते रंगकाराच्या बाजूने. तांडा तिथे कशासाठी आणला हा प्रश्न त्याहून मोठा आहे.

खडकदादा

एक छोटी भर. यलोस्टोनच्या दक्षिणेला टीटॉन ही डोंगररांग आहे, तिच्यात १२,६०५ फुटांचं 'माउंट मोरन' आहे. पूर्वेच्या कड्यावर काळ्या खडकाची उभी पट्टी दिसते, ती जमिनीखाली भेगेत घुसून थिजलेल्या शिलारसाची (मॅग्मा). १८७२ च्या हेडन मोहिमेने हे नाव दिलं, पण त्या मोहिमेत मोरन नव्हता. टीटॉन त्याने पाहिले १८७९ मध्ये, तेही पश्चिमेकडून, आयडाहोच्या बाजूने.

रंगपेटी

सगळ्यांचे मनापासून आभार. इतकं मिळेल असं वाटलं नव्हतं. आता माझं मत मांडते.

नानांचं म्हणणं मला बहुतांशी पटलं. रेल्वेने मागणी केली, हेडनने धावपळ केली. शिवाय यलोस्टोनचा प्रदेश तेव्हा कुठल्या राज्यात नव्हता. १८६४ मध्ये योसेमिटी राखीव झालं ते कॅलिफोर्निया राज्याच्या ताब्यात दिलं गेलं. वायोमिंग हे राज्यच नव्हतं, त्यामुळे देणार कुणाकडे? म्हणून केंद्राने स्वतःकडे ठेवलं आणि राष्ट्रीय उद्यान ही गोष्ट जन्माला आली. यात चित्रकलेचा काही वाटा नाही.

पण खासदारांच्या बाजूने बघा. त्यांतल्या बहुतेकांनी ती जागा कधी बघितलेली नाही. उकळती तळी, रंगीत दरी, आकाशात उडणारं पाणी, ही वर्णनं आधीपासून येत होती आणि लोक त्यांना थापा म्हणत. जॅक्सनचे फोटो आले, तेव्हा निदान जागा आहे हे सिद्ध झालं. काचेवर ओलं रसायन लावून काही मिनिटांत काढायचे आणि धुवायचे असे ते फोटो, अप्रतिम आहेत, पण काळे-पांढरे. पिवळी दरी त्यात राखाडीच दिसणार. रंग खरा आहे हे सांगणारा मोरन एकटा होता, आणि ते काम त्याच्या छोट्या जलरंगचित्रांनी केलं, जागेवर घाईघाईने केलेल्या कागदांनी. मोठं तैलचित्र मागाहून आलं आणि सगळं श्रेय घेऊन गेलं. मला ते जलरंगच जास्त आवडतात. मॅमथ हॉट स्प्रिंग्सचं चित्र बघा, पायऱ्यापायऱ्यांच्या कुंडांत निळं पाणी सोडलंय आणि मधला कागद तसाच कोरा ठेवलाय. वाफ रंगवलेलीच नाही.

म्हणून माझ्या मते "चित्रामुळे उद्यान झालं" हे चूक आणि "चित्रांवाचून झालं असतं" हेही मला अवघड वाटतं. मोरनला स्वतःला मात्र शंका नव्हती. तो सहीतच टी, वाय, एम अशी अक्षरं गुंफायचा, मधला वाय यलोस्टोनचा.

वाटसरू, तुमची पोस्ट वाचल्यावर धाग्याच्या नावातला "वाचलं" मलाही टोचतोय.

नाना_निवृत्त

रंगाचा मुद्दा बिनतोड. रेल्वेचं पहिलं श्रेय मी सोडत नाही, दुसरं त्या जलरंगांना देतो.

मधुमालती

पुढच्या वर्षी लेकीकडे मेरीलँडला जाणार आहे. मूळ चित्रं कुठे बघायला मिळतील?

बे_एरियाकर

वॉशिंग्टनमध्ये स्मिथसोनियनचं अमेरिकन आर्ट म्युझियम. १८७२ चं यलोस्टोन, ग्रँड कॅन्यनचं 'चॅझम ऑफ द कोलोरॅडो' (हेही संसदेने १०,००० डॉलरलाच घेतलं होतं) आणि १८९३ ते १९०१ या काळात केलेलं १४ फुटी दुसरं यलोस्टोन, तिन्हींसाठी तिथेच चौकशी करा. प्रवेश फुकट आहे. जाण्याआधी त्यांच्या साइटवर त्या दिवशी काय टांगलंय ते बघून घ्या. लेकीला सांगून मेरीची एचिंग्ज दाखवण्याची सोय होते का तेही विचारा, कागदावरची कामं उजेडाने फिकी पडतात म्हणून बहुतेक वेळा आत ठेवलेली असतात.